वाळवंटातल्या संन्याशावर दोन अंकी नाटक : फुकोंचं तमन्रासेतमधलं रोजचं जगणं नेमकं कसं होतं?

रंगपट (सत्तरी)

नमस्कार मंडळी. आमच्या हौशी मंडळानं यंदा जत्रेच्या संगीत नाटकाखेरीज एक नवं दोन अंकी मराठी नाटक बसवायला घेतलं आहे. नायक शार्ल द फुको. लष्करातली अधिकारपदाची नोकरी सोडून संन्यासी झालेले फ्रेंच गृहस्थ. १९०५ ते १९१६ ते अल्जीरियाच्या दक्षिणेकडच्या होग्गार डोंगरात, तुआरेग भटक्यांमध्ये राहिले. १५ मे २०२२ ला पोप फ्रान्सिस यांनी त्यांना संत घोषित केलं. त्याच सोहळ्यात कन्याकुमारीकडच्या देवसहायम यांनाही संतपद मिळालं, त्यामुळे गावातल्या ख्रिस्ती मंडळींच्या कानावर हे नाव आहे. हिंदू प्रेक्षकांना मात्र सगळं नाटकातूनच कळायचं आहे.

अडचण अशी की पहिल्या खर्ड्यात नायक प्रत्येक प्रवेशात डोळे मिटून बसलाय. तालमीला वाचन झालं तेव्हा सगळ्यांचं एकच म्हणणं पडलं, हा माणूस करतो काय? म्हणून जाणकारांना विचारतोय. दिवस कसा जायचा? प्रार्थना केव्हा आणि कशी? झोपडी कसली होती, नेपथ्यात काय मांडावं? खाणंपिणं काय? आसपासचे तुआरेग त्यांच्याकडे का येत? शेवटचा प्रवेश १ डिसेंबर १९१६ चा. खर्ड्यात ते क्रूस उंचावून हल्लेखोरांना उपदेश करतात आणि मग कोसळतात. हे खरं आहे का?

दूधसागर

रंगपट बाब, विषय फार चांगला निवडलात. शेवटच्या प्रवेशाबद्दल दुसरं कुणी सांगेल, मी त्यांच्या साधनेबद्दल लिहितो, कारण खर्डा तिथेच अडलाय.

ते एकांतवासी होते, पण त्यांचं दार उघडं असायचं. या दोन गोष्टींची ओढाताण हेच त्यांचं आध्यात्मिक जीवन. ती ओढाताण रंगमंचावर आली की नायक आपोआप हलायला लागेल.

आधी थोडी पार्श्वभूमी. १८९० च्या जानेवारीत ते ट्रॅपिस्ट मठात शिरले. मौन, शेतकाम आणि कडक नियम असलेला हा पंथ. सात वर्षांनी तोही सोडला, कारण मठातलं दारिद्र्य त्यांना पुरेसं वाटेना. मठाशेजारच्या गरिबाचं घर त्याहून उघडं असतं, हे त्यांना सलत होतं. मग नाझरेथला क्लारा संन्यासिनींच्या मठात गडी म्हणून राहिले, हत्यारं ठेवायच्या खोपटात. येशूनं तीस वर्षं गावात सुतारकी केली, कुणाला उपदेश केला नाही, कुणाला ठाऊकही नव्हता, त्या तीस वर्षांसारखं जगायचं असा त्यांचा ध्यास. 'नाझरेथचं जीवन' हा त्यांचा शब्द. ९ जून १९०१ ला पाद्री झाले आणि त्याच वर्षी सहारात बेनी अब्बेसला गेले.

बेनी अब्बेस आणि तमन्रासेत यांची गल्लत करू नका. पुष्कळ लिखाणात ती झालेली दिसते. बेनी अब्बेस हे खजुराच्या बागांचं गाव, तिथे फ्रेंच छावणी. तिथे त्यांनी आपल्या जागेभोवती दगड मांडून मठाची हद्द आखली होती आणि निकडीशिवाय ती ओलांडायची नाही असा नियम केला होता. बाहेर जायचं नाही, पण बाहेरचे आत येणार. १९०२ च्या पत्रांत ते लिहितात की दिवसाला ६० ते १०० माणसं येतात : गुलाम, आजारी, वाटसरू, शिपाई, पोरं. पहाटेपासून रात्रीपर्यंत बोलणं थांबत नाही. तिथेच त्यांनी काही गुलामांना पैसे भरून सोडवलं आणि फ्रेंच अधिकारी गुलामगिरीकडे काणाडोळा करतात म्हणून आपल्या धर्मवरिष्ठांना सडेतोड पत्रं लिहिली.

तमन्रासेत याच्या उलट. १३ ऑगस्ट १९०५ ला ते पोचले तेव्हा वीसेक चुली, त्याही काही किलोमीटरांत विखुरलेल्या. छावणी नाही, तारघर नाही, दुसरा युरोपियन नाही. ती जागा त्यांनी याच कारणासाठी निवडली.

आता दिवस. बेनी अब्बेसच्या काळातला त्यांनी स्वतः लिहिलेला क्रम असा : पहाटे चारला उठणं, प्रार्थना, मिस्सा (ख्रिस्ती उपासनाविधी), मग थोडा खजूर किंवा अंजीर, तासभर परमप्रसादासमोर (मिस्सेत येशूचं शरीर मानून पवित्र केलेली भाकर) मूक आराधना, मग अंगमेहनत, दुपारी जेवण, संध्याकाळी परत प्रार्थना, साडेआठच्या सुमाराला झोप. मध्यरात्री उठून प्रार्थना आणि परत थोडी झोप. तमन्रासेतला सांगाडा हाच, पण अंगमेहनतीच्या जागी भाषेचं काम आलं. शेवटच्या वर्षांत ते दिवसाचे दहा-अकरा तास चाले. तरीही कुणी दारात आलं की लेखणी खाली. पाहुणा हा व्यत्यय, असं त्यांनी मानलं नाही. 'या माझ्या लहानांतल्या लहानाला जे केलंत ते मला केलंत' हे वचन आपलं आयुष्य सर्वांत जास्त बदलून गेलं, असं त्यांनी १९१६ मध्ये लुई मासिन्यों या इस्लामच्या फ्रेंच अभ्यासकांना लिहिलंय. म्हणून नायक टाक शाईत बुडवतो, ओळ अर्धी होते, बाहेरून हाक येते, तो उठतो. हे पहिल्या अंकात पुन्हापुन्हा येऊ द्या. ध्यानाचा वेगळा प्रवेश मग लागणार नाही.

पहिल्या अंकाचा पडदा कुठे पाडायचा तेही सांगतो. त्या काळच्या नियमानुसार मिस्सेला उत्तरं द्यायला निदान एक ख्रिस्ती माणूस हजर हवा. त्यांच्याजवळ पॉल एम्बारेक नावाचा सोडवलेला गुलाम होता, तो निघून गेला. मग मिस्सा बंद. १९०७ चा नाताळ मिस्सेविना गेला. ज्या माणसाचं सगळं जगणं परमप्रसादाभोवती, त्याला वेदी समोर असून ती चालवता येत नाही. तरी ते तमन्रासेत सोडून गेले नाहीत. मिस्सेसाठी वस्तीच्या ठिकाणी परत जायचं की तुआरेगांजवळ राहायचं, यात त्यांनी राहणं निवडलं. एखाद्या संन्याशाला याहून अवघड निवड सांगता येणार नाही. त्याच हिवाळ्यात दुष्काळ. सतरा महिने पाऊस नाही, शेळ्यांना दूध नाही. जवळचं धान्य त्यांनी पोरांना वाटून टाकलं होतं. २० जानेवारी १९०८ च्या सुमाराला ते अंथरुणालाच खिळले, हलताही येईना. तेव्हा तुआरेगांनी चार किलोमीटरांच्या परिसरात जिथे शेळीला थेंबभर दूध होतं तिथून ते गोळा करून आणलं आणि त्यांना जगवलं. ३१ जानेवारीला एकट्यानं मिस्सा करण्याची परवानगी आली.

जो द्यायला आला होता त्याला घ्यावं लागलं. तोवर ते उपकारकर्ते होते, त्या दुधानंतर शेजारी झाले. दूध आणणाऱ्या बायका कमी बोलू द्या. भाषण नको.

एक तपशील विसरू नका. परवानगी मिस्सेची आली, पण सोबती नसताना परमप्रसाद पेटीत ठेवायची मुभा पुढे कित्येक वर्षं नव्हती. म्हणजे ते ज्या पेटीसमोर गुडघे टेकत ती रिकामी. प्रेक्षकांतल्या ख्रिस्ती मंडळींना याचा अर्थ क्षणात कळेल. इतरांसाठी एखादं वाक्य लागेल.

तांबडी माती

नेपथ्याचं मी सांगतो.

तमन्रासेतचं घर दगड-मातीचं, लांबट आणि चिंचोळं. रुंदी पावणेदोन मीटरच्या आसपास, लांबी सहाएक मीटर. वर बोरूच्या काड्या आणि मातीचा थर. जहाजासारख्या आकारामुळे त्याला 'फ्रिगेट' म्हणत. एका टोकाला प्रार्थनेची जागा, दुसऱ्या टोकाला कागद, पुस्तकं, औषधं. मधे पडदा. एवढ्या रुंदीत दोन माणसं एकमेकांना ओलांडून सहज जाऊ शकत नाहीत. तुमच्याकडे स्टेज मोठं असलं तरी घर मोठं करू नका. घर अरुंद आणि बाहेरचं अंगण ऐसपैस ठेवा, कारण भेटीगाठी अंगणातच होणार. बाजूची भिंत कापून आत दाखवायची तर प्रेक्षकांकडची लांब भिंत काढा. टोकाची काढली तर मागच्या रांगांना वेदी दिसणार नाही.

वेदी साध्या फळ्यांची. बेनी अब्बेसच्या प्रार्थनाघरासाठी त्यांनी खोक्यांच्या फळ्यांवर क्रूसाच्या वाटेची (येशूला क्रूसाकडे नेतानाच्या प्रसंगांची) चित्रं स्वतः काढली होती आणि पांढऱ्या कापडावर हात पसरलेला येशू रंगवला होता. हे तुमच्या कलाकारांना सहज जमेल. विकतचं चकचकीत चित्र लावू नका. मिस्सा लॅटिनमध्ये आणि पाद्रीची पाठ लोकांकडे, हे त्या काळचं. आताच्या पद्धतीनं प्रेक्षकांकडे तोंड करून दाखवलंत तर इथले जुने ख्रिस्ती प्रेक्षक लगेच हेरतील. एम्बारेक गेल्यापासून १९०८ ची परवानगी येईपर्यंतच्या प्रवेशांत वेदी झाकलेली ठेवा.

वेश : पांढरा घोळदार अंगरखा, छातीवर लाल कापडाचं हृदय आणि त्यावर क्रूस शिवलेला, कमरेला चामडी पट्टा, त्यात जपमाळ, पायात सपाता. अंगरखा इस्त्रीचा नको. ठिगळं हवीत. पोचले तेव्हा वय ४६, मृत्यूसमयी ५८. दात बरेच गेलेले. दाढी विरळ, हातभर लांब नाही. आपल्याकडे संन्यासी म्हटला की रंगभूषाकार दाढी लांबवतोच, त्याला आधीच सांगून ठेवा.

खाणं : गहू किंवा जव भरडून शिजवलेलं, खजूर, मिळालं तर दूध आणि लोणी. भाजी जवळजवळ नाही. १९०८ चं आजारपण त्यातूनच आलं. चहा दाखवायचा मोह होईल, तीन पेले वगैरे. आज तो तुआरेगांच्या आतिथ्याचा मोठा भाग आहे, पण त्या वर्षांत होग्गारमध्ये चहा-साखर ही दुर्मीळ, महाग चीज होती. पाहुण्याला दूध किंवा खजूर देताना दाखवा. चुकणार नाही.

आता लोक का येत? भटके म्हणजे नुसते हिंडणारे, असा समज काढून टाका. त्यांच्या फिरण्याला हिशेब आहे. तमन्रासेतच्या भोवती दाग राली ही शेळ्या राखणारी टोळी. पाऊस जिथे पडला तिथे चारा, चारा तिथे तंबू. होग्गारचे पुरुष अमाद्रोरच्या खाणीतून मीठ काढून उंटांवर दक्षिणेला, आजच्या नायजरमधल्या दामेर्गूला नेत आणि बदल्यात बाजरी आणत. या फेरीत महिनोन्‌महिने जात. उत्तरेला इन सालाहकडे लोणी, जनावरं देऊन खजूर आणत. म्हणजे वर्षातला बराच काळ तळावर बायका, मुलं आणि म्हातारी माणसंच. फुकोंकडे जास्त तीच येत : सुया, औषध, थोडं धान्य मागायला, पत्र लिहून घ्यायला, कधी नुसतं बसायला. तुमच्या नाटकात बायकांना भूमिका हव्या असतील तर इथे भरपूर आहेत, आणि त्या लाजऱ्याबुजऱ्या मुळीच नाहीत. तुआरेगांत तंबू बाईच्या मालकीचा. कातड्यांचा असतो, तीसेक शेळ्यांची कातडी जोडून शिवलेला. फारकत झाली की तंबू तिच्याकडे राहतो आणि नवरा उघड्यावर येतो. तोंड झाकतो तो पुरुष, बाई नाही.

एक समाजरचनाही दाखवावीच लागेल. वर सरदार घराणी, त्यांच्या खाली शेळ्या राखणाऱ्या टोळ्या, बाजूला बागाईत करणारे हराटीन, आणि सर्वांत खाली गुलाम. फुको सगळ्यांशी बोलत, पण सगळ्यांना एका ओळीत बसवून जेवू घातलं असा प्रवेश लिहू नका. तो गोडवा खोटा होईल.

रंगपट (सत्तरी)

दोघांचे मनापासून आभार. दुधाच्या प्रवेशावर पडदा पाडायचं पक्कं केलं.

एक प्रश्न तालमीत वारंवार येतोय आणि तो टाळून चालणार नाही. ते पाद्री होते, मग त्यांनी किती लोकांना ख्रिस्ती केलं? आपल्या गोव्यात हा प्रश्न हलका नाही. दुसरा अंक त्यावरच फिरतोय असं दिसतं.

साळावली

तुआरेगांपैकी कुणालाच नाही. अकरा वर्षांत एकही नाही, आणि हे त्यांना अपयश वाटत नव्हतं.

या विषयावरचा सर्वांत भरवशाचा साक्षीदार रोबेर एरिसों, लष्करी डॉक्टर, स्वतः प्रोटेस्टंट. त्यानं नोंदवलेल्या फुकोंच्या बोलण्याचा आशय असा की मी तुआरेगांना एका झटक्यात ख्रिस्ती करायला आलेलो नाही, त्यांना समजून घ्यायला आलोय. तुम्ही प्रोटेस्टंट, दुसरा अधिकारी नास्तिक, तुआरेग मुसलमान. पात्र असू तर देव आपणा सगळ्यांना जवळ करील याची मला खात्री आहे. याच डॉक्टरला त्यांनी व्यवहाराचा सल्ला दिला : साधे राहा, हसतमुख राहा, औषधाचे पैसे घेऊ नका, अगदी साधं वाक्यही हसून बोला. आपले खराब दात दिसले तरी आपण हसतो, असंही ते म्हणाले. ही नटाला आयती मिळालेली सूचना आहे. तुमचा नायक हसरा हवा.

इस्लामबद्दल त्यांना आदर होता, आणि तो वरवरचा नव्हता. तरुणपणी ते पूर्ण अश्रद्ध होते. १८८३-८४ मध्ये ज्यू धर्मगुरूचा वेश घेऊन त्यांनी मोरोक्को पालथा घातला, तळहातात मावणाऱ्या वहीत गुपचूप टिपणं घेत. त्या प्रवासात मुसलमान माणसं देवासमोर सतत उभी असल्यासारखी जगताना पाहिली आणि त्यांच्या मनाची घडी विस्कटली, असं त्यांनी पुढे एका मित्राला लिहिलं. १८८६ च्या ऑक्टोबरअखेर पॅरिसला आबे युव्हलँ या पाद्रींकडे ते परत ख्रिस्ती श्रद्धेत आले. म्हणजे त्यांना देवाकडे वळवण्यात मुसलमानांचा हात आहे. दुसऱ्या अंकात मूसाबरोबरच्या संवादात हे आलं तर वजन येईल. मूसा आग अमास्तान हा होग्गारच्या तुआरेगांचा प्रमुख, त्यांच्या शब्दात अमेनोकाल, स्वतः धर्मनिष्ठ मुसलमान.

आता माझ्या आवडीचा भाग, भाषा. त्यांची साधना पाहायची असेल तर त्यांचा शब्दकोश पाहावा. तुआरेग-फ्रेंच कोश, चार खंड, २,०२८ पानं, १९५१-५२ मध्ये छापला गेला, तोही त्यांच्या हस्ताक्षराची छायाप्रत म्हणून. शब्द धातूंनुसार लावलेले. तंबूचा शब्द आला की तंबूचे भाग, खुंट्या, दोर, कुठलं कातडं कुठे, चित्रासकट. खोगिराचा आला की खोगिराचं चित्र. काम असं चाले : मूसाचा लेखनिक बा हम्मू समोर बसायचा, एक शब्द घ्यायचा, तो कुठल्या वाक्यात येतो ते विचारायचं, दुसऱ्या माणसाकडून पडताळायचं, मग स्वच्छ प्रत. बा हम्मू कंटाळला, आजारी पडला की काम ठप्प. त्याखेरीज हजारो ओळींच्या कविता : प्रेमाच्या, लढायांच्या, उंटांच्या, एकमेकांना टोमणे मारणाऱ्या. सांगायला येणाऱ्याला ओळीमागे थोडे पैसे मिळत, म्हणून म्हाताऱ्या बायका मुद्दाम येत. प्रत्येक कवितेला कवी कोण, प्रसंग कोणता, याची टीप. या कामावर आपलं नाव घालू नये, असा त्यांचा आग्रह होता.

आपल्याकडे तुलनेला थॉमस स्टीफन्स हे इंग्रज पाद्री आहेत. १५७९ ला गोव्यात आले आणि १६१६ मध्ये ओवीबद्ध मराठी पुराण छापून घेतलं. पण स्टीफन्सनी इथली भाषा घेऊन तिच्यात ख्रिस्ताची कथा सांगितली. फुकोंनीही सुरुवातीला शुभवर्तमानातले भाग तुआरेगांच्या तमाहाकमध्ये उतरवले, पण आयुष्याची शेवटची वर्षं घातली ती तुआरेगांची स्वतःची कविता जपण्यात. एका संन्याशानं दुसऱ्यांच्या प्रेमकविता अर्थासकट उतरवून घ्याव्यात, हे मला फार मोठं वाटतं. दासीन ही त्या काळची नावाजलेली कवयित्री, मूसाच्या नात्यातली. तिला भूमिका द्या.

असेक्रेमचा प्रवेशही हवा. १९११ च्या उन्हाळ्यात ते सुमारे २,७०० मीटर उंचीवरच्या त्या पठारावर बांधलेल्या दगडी खोलीत राहायला गेले. पुष्कळ जण समजतात की आणखी एकांतासाठी. कारण उलटं होतं. त्या वेळी चारा डोंगरात, म्हणून तंबू डोंगरात, म्हणून संन्यासीही डोंगरात. लोक कुटुंबासकट दिवस दिवस चढून येत आणि एक-दोन दिवस राहत. अडलं ते थंडी-वाऱ्यामुळे आणि सगळं सामान खालून वाहून आणावं लागे त्यामुळे. बा हम्मूला तिथलं राहणं सोसेना. डिसेंबरात सगळे खाली उतरले.

जुवारी

वरचं सगळं बरोबर आहे, पण एक बाजू राहिली. ती नाटकात नसेल तर मी प्रेक्षक म्हणून उठून जाईन.

फुको एकटे सहारात गेले नाहीत, त्यांच्या पुढे बंदुका गेल्या होत्या. ७ मे १९०२ ला तित इथे फ्रेंच तुकडीनं होग्गारच्या तुआरेगांचा पराभव केला. १९०४ मध्ये मूसा शरण आला. त्या भागाचा फ्रेंच सेनापती लापेरीन हा फुकोंचा जुना लष्करी मित्र, आणि तोच त्यांना आपल्या दौऱ्यांतून दक्षिणेकडे घेऊन गेला. फ्रान्सनं तिथे राज्य करावं, पण चांगलं करावं, असं फुकोंचं मत होतं. अधिकाऱ्यांना ते त्या भागातल्या घडामोडी कळवत. त्याच वेळी अधिकाऱ्यांची जबरदस्ती आणि गुलामगिरी यांविरुद्ध लिहीत. दोन्ही खरं आहे. म्हणूनच त्यांच्या संतपदाची प्रक्रिया १९२७ ला सुरू होऊनही अल्जीरियाच्या स्वातंत्र्ययुद्धाच्या काळात थांबवली गेली, आणि धन्य (संतपदाच्या आधीची पायरी) घोषित व्हायला १३ नोव्हेंबर २००५ उजाडलं. साडेचारशे वर्षं पोर्तुगीज राजवट पाहिलेल्या गोव्याच्या प्रेक्षकाला हे वेगळं समजवावं लागणार नाही. क्रूस आणि तलवार एका जहाजातून आली तर काय होतं ते इथे घराघरात ठाऊक आहे. उलट बाणावलीत जन्मलेले पाद्री जुझे वाझ डच अमलातल्या श्रीलंकेत भिकाऱ्याच्या वेशात शिरले, पाठीशी कुठलंच सैन्य नसताना. फुकोंना ही मोकळीक नव्हती. ते निर्मळ मनाचे होते, आणि तरीही जिंकणाऱ्यांचे होते. मूसाच्या तोंडी हे एकदा तरी येऊ दे.

आता शेवटचा प्रवेश. क्रूस उंचावून उपदेश, हे काढून टाका. तसं काही झालं नाही.

पहिलं महायुद्ध चालू होतं. पूर्वेकडून सेनुसींचा (फ्रेंचांशी लढणारा मुसलमान पंथ) जोर होता, मार्च १९१६ मध्ये जानेतचं फ्रेंच ठाणं पडलं. फुकोंनी तमन्रासेतच्या लोकांना आसरा घेता यावा म्हणून मातीची गढी बांधली : चौकोनी, जाड भिंती, कोपऱ्यांना बुरूज, आत विहीर, वाकून शिरावं लागेल असं बुटकं दार. ते स्वतः तिथे राहायला गेले. आत लष्करानं दिलेल्या काही रायफलीही होत्या. हे लपवू नका, हल्ला होण्याचं तेही एक कारण. तुमचं पहिल्या अंकाचं लांबट घर दुसऱ्या अंकात चालणार नाही. नेपथ्य बदलावं लागेल, आणि उघड्या अंगणातून बंद भिंतीत आलेला माणूस प्रेक्षकांना न सांगता दिसेल.

१ डिसेंबरच्या संध्याकाळी ओळखीच्या माणसानं, एल मदानीनं, दार ठोठावलं आणि टपाल आलंय म्हणून सांगितलं. फुकोंनी त्याला पूर्वी मदत केलेली. टपालाची वाट पाहत होतेच, म्हणून दार उघडून हात बाहेर काढला. तो धरून त्यांना ओढलं, हात मागे बांधले, भिंतीपाशी गुडघ्यांवर बसवलं. प्रश्न विचारले, त्यांनी उत्तर दिलं नाही. टोळी आत लुटालूट करत होती आणि पहाऱ्याला पंधराएक वर्षांचा पोरगा ठेवला होता, सर्मी आग थोरा. त्यांना ओलीस धरून न्यायचा बेत असावा असं बहुतेक अभ्यासक मानतात. तेवढ्यात फ्रेंचांच्या मोतिलिन्स्की ठाण्याकडून दोन उंटस्वार शिपाई अचानक आले, धावपळ उडाली, पोरगा बिथरला आणि त्यानं गोळी झाडली. ते शिपाईही मारले गेले. परत आलेला पॉल एम्बारेक हे सगळं पाहत होता, त्याच्याच सांगण्यावरून आपल्याला हे कळतं.

रंगमंचावर हे फार थोड्या वेळात, जवळजवळ बिनशब्दांचं व्हायला हवं. चूक होते ती त्या पोराला खलनायक करण्यात. तो घाबरलेला आहे, एवढंच. काही आठवड्यांनी आलेल्या फ्रेंच अधिकाऱ्याला आवारातल्या वाळूत परमप्रसादाचं दर्शनपात्र सापडलं, आत परमप्रसाद तसाच होता. पुष्कळ जण नाटकाचा शेवट यावर करतील. मी म्हणेन मूसाच्या पत्रावर करा. त्यानं फुकोंच्या बहिणीला सांत्वनाचं पत्र पाठवलं, त्याचा आशय असा की तुमचा शार्ल फक्त तुमच्यासाठी मेला असं नाही, आम्हा सगळ्यांसाठीही मेला. तो मुसलमान प्रमुख आहे आणि त्या ख्रिस्ती संन्याशाला आपल्यातला म्हणतोय. त्या वाक्यासाठी अख्खं नाटक लिहावं.

दूधसागर

जुवारी बाब, दर्शनपात्र वगळू नये असं मला वाटतं, पण शेवट पत्रावर हे मान्य. एक भर : मरणाच्या वेळी त्यांच्यासोबत एकही शिष्य नव्हता. आयुष्यभर त्यांनी बंधूंच्या संघाची नियमावली लिहिली, कुणी टिकलं नाही. १९३३ मध्ये रने व्हॉयोम यांनी सहारातच 'येशूचे लहान बंधू' हा संघ उभा केला, १९३९ ला माग्दलेन यांनी लहान भगिनींचा. ते कारखान्यांत, वस्त्यांत, तंबूंत शेजारी म्हणून राहतात. नाटकाच्या निवेदनात हे घेतलं तर चालेल, प्रवेश करू नका.

रंगपट (सत्तरी)

उठून जाऊ नका जुवारी बाब, मूसाचा संवाद नव्यानं लिहायला घेतलाय. क्रूसाचं भाषण काढलं. आता दोन व्यवहाराच्या गोष्टी : पुरुषांच्या तोंडावरचं कापड कसं बांधायचं? आणि संगीत काय घ्यावं?

तांबडी माती

कापड : पाचएक मीटर लांब, पातळ सुती. मलमल चालेल. सॅटिन किंवा कृत्रिम धाग्याचं घेऊ नका, ते डोक्यावरून घसरतं आणि दिव्याखाली चमकतं. श्रीमंत तुआरेगांचं नीळ चोपडलेलं कापडही चमकतं, पण ते मूसा आणि एखाद्या सरदारालाच द्या. बाकीच्यांना पांढरं किंवा काळं. एक टोक खांद्यावर सोडा, हनुवटीखालून सैल फेरा घ्या, मग कपाळावरून डोक्याभोवती दोन-तीन फेरे, उरलेलं टोक बाजूला खोचा. हनुवटीखालचा सैल फेरा हाच पडदा. वडीलधारे, सासरची माणसं किंवा परके समोर असतील तर तो नाकावर. मित्रांत खाली घसरला तरी चालतो. खाता-पिताना तो काढायचा नाही, खालून हात घालायचा. ही एक गोष्ट नटांनी नीट घटवली तर अर्धं तुआरेगपण तिथेच येईल. मूसा फुकोंसमोर पहिल्या भेटीत कापड नाकावर ठेवतो आणि दुसऱ्या अंकात ते थोडं खाली येतं, असंही करता येईल. फेरा घट्ट झाला की आवाज दबतो. तालमीत पहिल्या दिवसापासून कापड बांधूनच बोलायला लावा, नाहीतर प्रयोगाला मागच्या रांगेला काही ऐकू येणार नाही.

संगीत : इम्झाद. अर्ध्या भोपळ्यावर कातडं ताणलेलं, घोड्याच्या केसांची एकच तार, वाकडा गज. वाजवते ती बाई, पुरुष कधीच नाही. त्यामुळे विंगेतून वाजलं तरी मंचावर वाद्य दासीनच्याच मांडीवर हवं. सारंगीचा तुकडा लावू नका, ती फार गोड आणि भरलेली वाटते. गोव्यात व्हायोलिन वाजवणारा गावोगाव मिळतो. त्याला एकाच तारेवर, चार-पाच स्वरांच्या आत, गज थोडा खरखरत ठेवून वाजवायला सांगा. हार्मोनियमची साथ नको. तबलाही नको. ताल लागलाच तर उखळीवर कातडं ताणून केलेला बायकांचा ढोल असतो, तो लग्नकार्याच्या प्रवेशापुरता ठेवा. आपला घुमट (गोव्याचं मातीचं तालवाद्य) त्याच्या जवळचा वाटेल, पण आवाज ऐकताक्षणी प्रेक्षक गोव्यात परत येईल, म्हणून टाळा.